कोर्टात ठेवलेला मूळ कागद परत कसा मागायचा



रोवणी आटोपली, बांध्या हिरव्या झाल्या, आता जरा बसायला वेळ मिळत असेल. म्हणून आज थोडा किचकट विषय घेतला आहे. दिवाणी दाव्यात आपण कोर्टात जमा केलेला मूळ कागद, दावा चालू असतानाच परत मागायचा असेल तर काय करायचं?

"कोर्टात गेलेला कागद केस संपल्याशिवाय हाती येत नाही," असं आपल्याकडे सर्रास सांगतात. गटांच्या बैठकांत आम्ही हे वाक्य इतक्यांदा ऐकलं आहे की मोजणं सोडून दिलं. सांगणारा काही खोटं बोलत नसतो. त्यानं कोणाकडून तरी तसंच ऐकलेलं असतं. पण केस संपणार कधी? वाटणीच्या दाव्याला किती वर्षं लागतात ते तुम्हाला वेगळं सांगायला नको. लहान कोर्टात निकाल लागला की अपील, अपिलानंतर पुन्हा नागपूरला अपील. तेवढ्यात पोरगी बारावी पास होते, पोराला नोकरीसाठी कागद तपासायला बोलावतात, आणि कागद मात्र फायलीत शिवलेला.

कायदा तसं म्हणत नाही. दिवाणी कोर्टाचं कामकाज ज्या कायद्यानं चालतं ती दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ सालची आहे. तिच्यात आदेश १३ मध्ये नियम ९ आहे. हे दोन आकडे, तेरा आणि नऊ, घरातल्या कॅलेंडरवर लिहून ठेवा. या नियमात लिहिलं आहे की ज्यानं कागद हजर केला, त्याला तो परत मिळण्याचा हक्क आहे. साधारण वेळ निकालानंतरची, अपिलाची मुदत संपल्यावरची किंवा अपिलाचा निकाल लागल्यावरची. पण त्याच नियमात पुढे एक सवलत आहे. त्याआधी कधीही कागद हवा असेल तर दोन गोष्टी करा: मूळ कागदाच्या जागी ठेवायला त्याची प्रमाणित नक्कल द्या, आणि कोर्ट मागेल तेव्हा मूळ कागद पुन्हा आणून दाखवीन अशी हमी द्या. एवढं केलं की दावा चालू असतानाही कोर्ट कागद परत देऊ शकतं.

हे प्रत्यक्षात कसं होतं ते एका ताईंच्या प्रकरणातून सांगतो. ताई आपल्याच जिल्ह्यातल्या. नाव आणि गाव सांगणार नाही, कारण दावा अजून सुरू आहे.

ताईंचे मालक वारले. शेती सासऱ्यांच्या नावावरून आलेली, धानाच्या बांध्या. दीर म्हणाले, तुझा यात हिस्सा नाही. ताईंनी वाटणीचा दावा लावला. दाव्यात वंशावळ सिद्ध करावी लागते, म्हणजे सासरे कोण, त्यांची मुलं कोण, त्यातल्या कोणाची ही बायको आणि कोणाची ही पोरगी. त्यासाठी ताईंनी पेटीतले कागद पिशवीत घालून वकिलांकडे नेले. त्यात सासऱ्यांचा शाळेचा जुना दाखला होता. सी. पी. अँड बेरार प्रांताच्या काळातला, पिवळा पडलेला, घडीवर फाटत आलेला. त्यावर सासऱ्यांचं नाव, त्यांच्या वडिलांचं नाव, जन्मतारीख आणि जात, सगळं होतं. तो मूळ दाखला दाव्याच्या फायलीत लागला.

पुढे ताईंची पोरगी बारावी झाली. तिला नर्सिंगला जायचं होतं, इतर मागासवर्गाच्या जागेवर. जात प्रमाणपत्राची पडताळणी लागते हे तुम्हाला ठाऊक आहे. इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ च्या आधीचा पुरावा पाहतात, अनुसूचित जमातीसाठी ६ सप्टेंबर १९५० च्या आधीचा, आणि अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५० च्या आधीचा. घरात एवढा जुना पुरावा एकच, आजोबांचा दाखला. समितीपुढे मूळ कागद दाखवायचा, आणि मूळ कागद कोर्टात. ताई शाळेत गेल्या, दुसरा दाखला द्या म्हणून. शाळेतलं त्या काळातलं रजिस्टर वाळवीनं खाल्लेलं. प्रवेशाची शेवटची तारीख जवळ येत होती, आणि दाव्याची पेशी त्या तारखेनंतरची होती. ताई गटात येऊन रडल्या. पोरगी मात्र रडली नाही. ती म्हणाली, "कोणाला विचारायचं ते सांगा."

आपल्या भागात जुन्या कागदाची दुसरी प्रत मिळवणं बाकीच्यांपेक्षा जड जातं, त्याला कारण आहे. गोंदिया जिल्हा झाला १ मे १९९९ ला. त्याआधी आपण भंडाऱ्यात होतो, म्हणून जिल्ह्याच्या ठिकाणचे जुने अभिलेख भंडाऱ्याला शोधावे लागू शकतात. १९५६ च्या आधी आपण मराठी राज्यातच नव्हतो, नागपूर राजधानी असलेल्या मध्य प्रदेशात होतो, म्हणून जुने कागद कधी हिंदीत निघतात. त्याच्याही मागे मालगुजारी. १९५१ साली मालगुजारी गेली, मालगुजारांनी दिलेल्या पावत्या तेवढ्या काही घरांत राहिल्या. अशा पावतीची दुसरी प्रत आता कोण देणार? म्हणून म्हणतो, पेटीतला कागद आधी ओळखावा. सातबारा, फेरफार, जन्म-मृत्यूचा दाखला यांची नवी प्रत निघते. रजिस्ट्री झालेल्या विक्रीपत्राची नक्कल दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात मिळते. असा कागद कोर्टात अडकला तर नवी प्रत काढून काम भागतं का ते आधी बघा, अर्जाच्या मागे लागायची गरज पडणार नाही. पण साध्या कागदावरची वाटणीची चिठ्ठी, सौद्याची चिठ्ठी, हातानं लिहिलेलं मृत्युपत्र, जुनी पावती, असा जुना दाखला, हे एकुलते एक कागद. यांच्यासाठीच नियम ९ लागतो.

आता ताईंनी केलं काय ते ऐका.

पहिलं काम, कागद नक्की कुठे आहे ते पाहणं. हे ऐकायला सोपं वाटतं, पण पुष्कळदा कागद कोर्टात नसतोच. तो वकिलांच्या कपाटात असतो, कोर्टात फक्त झेरॉक्स लागलेली असते. दाव्याच्या फायलीत प्रत्येक पक्षकारानं दिलेल्या कागदांची यादी असते. यादीत प्रत्येक कागदापुढे मूळ की प्रत ते लिहिलेलं असतं. पक्षकाराला रीतसर अर्ज करून आपल्या दाव्याची फाईल बघता येते. ताईंच्या वकिलांनी फाईल पाहिली. दाखला मूळच होता आणि त्याला निशाणी क्रमांक पडलेला होता, म्हणजे कोर्टानं तो पुराव्यात घेतला होता. ताईंची साक्ष आणि उलटतपासही झालेला होता. ही गोष्ट त्यांच्या बाजूची ठरली, ते पुढे सांगतो.

दुसरं काम नकलेचं. कोर्टात नक्कल विभाग असतो. तिथे दाव्याचा क्रमांक, पक्षकारांची नावं, कागदाची निशाणी लिहून अर्ज द्यायचा, फी भरायची. दाव्याचा क्रमांक आठवत नसेल तर वकिलांकडून किंवा मोबाईलवरच्या ई-कोर्ट सेवेतून काढता येतो. प्रत्येक दाव्याला सोळा अक्षर-आकड्यांचा एक सीएनआर क्रमांक असतो, तो एकदा वहीत लिहून ठेवला की पुढची तारीख घरबसल्या कळते. पोरं हे दोन मिनिटांत करून देतात. नक्कल मिळायला दिवस लागतात. आज अर्ज, उद्या नक्कल असं धरून चालू नका. ताईंनी नकलेचा अर्ज आधी टाकला, बाकीचं मागून केलं, आणि तेच बरं झालं.

तिसरं काम मुख्य अर्जाचं. त्याला कोणी मोठी भाषा लागत नाही. वर दाव्याचा क्रमांक, मग विषय: मूळ दस्तऐवज परत मिळणेबाबत, दिवाणी प्रक्रिया संहिता आदेश १३ नियम ९ अन्वये अर्ज. खाली लिहायचं की अमुक निशाणीचा कागद मी हजर केला आहे, तो मला अमुक कामासाठी लागतो, त्याची प्रमाणित नक्कल सोबत देत आहे, आणि कोर्ट सांगेल तेव्हा मूळ कागद हजर करण्याची हमी देते. कामाचा पुरावा जोडायचा. ताईंनी प्रवेशाच्या वेळापत्रकाची प्रत आणि शाळेचं पत्र जोडलं. जुनं रजिस्टर उपलब्ध नाही, दुसरा दाखला देता येत नाही, असं शाळेनं लिहून दिलं होतं. आम्हाला विचाराल तर या पत्रानं अर्ध काम केलं. गरज आहे हे सगळेच सांगतात. दुसरा मार्ग नाही हे कागदानं दाखवलं की ऐकणाऱ्यालाही निर्णय देणं सोपं जातं.

पेशी दूर होती, म्हणून सोबत आणखी एक छोटा अर्ज दिला, प्रकरण आज बोर्डावर घ्यावं असा. निकडीच्या कामासाठी पेशीच्या तारखेआधी प्रकरण न्यायाधीशांपुढे ठेवायची ही रीत आहे. पुष्कळ बायांना हे माहीतच नसतं. पेशी चार महिन्यांनी आहे म्हणून त्या चार महिने घरी थांबतात.

अर्ज दिला की कोर्ट समोरच्या पक्षाचं म्हणणं मागवतं. दिराच्या वकिलांनी हरकत लिहून दिली. दाखल्यावर जन्मतारखेत खाडाखोड दिसते, मूळ कागद हातात दिला तर त्यात बदल होईल, असं त्यांचं म्हणणं होतं. हरकत आली म्हणून घाबरू नका. समोरच्या पक्षाला म्हणणं मांडायचा हक्क आहे, आणि या हरकतीत काहीच अर्थ नव्हता असंही नाही. ज्या कागदावरच वाद आहे तो जपून ठेवायला कोर्ट बांधील असतं. पण ताईंची उलटतपासणी होऊन गेली होती. त्या वेळी हाच मूळ दाखला दिराच्या वकिलांच्या हातात होता आणि त्यावर जे विचारायचं ते त्यांनी विचारून घेतलं होतं. ताईंच्या वकिलांनी हेच दाखवून दिलं. वर म्हणाले, दाखल्याच्या दोन्ही बाजूंची रंगीत प्रतही फायलीत ठेवतो, म्हणजे आज जसा आहे तसाच तो राहिला की नाही हे केव्हाही ताडता येईल.

अर्ज मंजूर झाला. ताईंनी हमी लिहून दिली, नक्कल जमा झाली, रंगीत प्रत जमा झाली, आणि दाखला हातात मिळाल्याची पावती त्यांनी कोर्टाला दिली. पावती द्यावीच लागते, तेही त्याच नियमात आहे. पडताळणीच्या वेळी दाखला दाखवला गेला, बघून परत मिळाला. पोरीचा पहिल्या फेरीतला प्रवेश हुकला होता, तो पुढच्या फेरीत झाला. घराजवळचं कॉलेज गेलं, दूरचं मिळालं. अर्ज महिनाभर आधी पडला असता तर तेही वाचलं असतं. म्हणून दहावीच्या सुट्टीतच बघून ठेवा, घरातला कुठला कागद कोर्टात आहे.

एक बारकी गोष्ट. परत मिळालेल्या कागदाच्या मागे दाव्याचा क्रमांक, कागद कोणी दिला त्याचं नाव, तारीख आणि न्यायाधीशांची सही असते. पुराव्यात घेतलेल्या प्रत्येक कागदावर असा शेरा लिहायचाच असतो. बाहेरच्या खिडकीवरचा माणूस ते पाहून "कागद खराब केला" म्हणतो. त्याला कोर्टाच्या आदेशाची प्रत दाखवायची. तो शेरा खोडू नका, त्यावर चिकटपट्टी लावू नका, आणि कागदाचं लॅमिनेशन करू नका. उद्या त्याच कागदाची शाई, कागद, खाडाखोड तपासायची वेळ आली तर प्लास्टिकच्या आतून काय तपासणार?

नियम ९ सगळीकडे चालतो असं मात्र समजू नका. कोर्टानं एखादा कागद स्वतःच अडकवून ठेवायचा आदेश केला असेल, नियम ८ खाली, तर तो आदेश असेपर्यंत कागद मिळत नाही. मुद्रांक कमी भरलेला दस्त असेल तर तो मुद्रांक कायद्याखाली जप्त होऊ शकतो, आणि मग आधी मुद्रांक व दंडाचं निपटावं लागतं. मृत्युपत्रावरची सही खोटी आहे असा वाद असेल, अक्षरतज्ज्ञाकडे कागद पाठवायचा असेल, तर तेवढ्यात मूळ कागद हातात मिळण्याची आशा धरू नका. आणि निकालानं जो दस्त रद्दच ठरला, तो परत देऊ नये असं नियमच सांगतो. दिवाणी कोर्टाबद्दलच हे सगळं आहे. पोलिसांनी जप्त केलेले कागद किंवा तहसीलदारांपुढच्या प्रकरणातले कागद यांची वाट वेगळी, तिच्यावर वेगळं बोलू.

आता गटांसाठी खास. कधी कधी दावा आपला नसतोच. दोघांच्या भांडणात गटाच्या अध्यक्षाला साक्षीला बोलावतात आणि गटाची वही आणायला सांगतात. कर्ज कोणाला दिलं, कोणी फेडलं, याचा पुरावा म्हणून. मग बायांना धास्ती पडते की वही कोर्टात राहिली तर पुढच्या महिन्याची बचत कुठे लिहायची, बँकेला काय दाखवायचं. याची सोय आदेश १३ च्या नियम ५ मध्ये आहे. रोजच्या वापरात असलेल्या हिशेबाच्या वहीतली नोंद पुराव्यात लागत असेल तर त्या नोंदीची प्रत द्यायची. कोर्ट ती मूळ नोंदीशी ताडून प्रमाणित करतं, वहीतल्या त्या नोंदीवर खूण करतं आणि वही परत देतं. पूर्ण वही ठेवून यायची नाही. साक्षीला जाताना त्या पानाच्या दोन झेरॉक्स सोबत न्या आणि कोर्टापुढेच नम्रपणे सांगा, "साहेब, ही वही चालू आहे, नोंदीची प्रत घ्या." दुसरा कुठला कागद दिला असेल तरी नियम ९ दाव्याबाहेरच्या माणसालाही लागू आहे. त्याला तर नक्कल विभागाची प्रमाणित नक्कलही लागत नाही, साधी प्रत चालते. ती कोर्टात ताडून घेतात.

कागद कोर्टात नसून वकिलांकडे असला तर? बहुतेक वकील मागितल्याबरोबर देतात. क्वचित कोणी म्हणतो, आधी राहिलेली फी द्या. फी राहिली असेल तर ती द्यायलाच हवी, त्यात वाद नाही. पण फीसाठी पक्षकाराचे कागद अडवून ठेवता येत नाहीत. हे सर्वोच्च न्यायालयानं २००० साली सांगितलं आहे, आर. डी. सक्सेना विरुद्ध बलराम प्रसाद शर्मा या प्रकरणात. ते प्रकरण आपल्या शेजारच्या मध्य प्रदेशातलं. एका सहकारी बँकेच्या वकिलांनी सत्त्याण्णव हजारांवर फी बाकी आहे म्हणून बँकेच्या फायली परत दिल्या नाहीत. बँक वकील परिषदेकडे गेली. शेवटी सर्वोच्च न्यायालयानं ठरवलं की वकिलाला फीसाठी पक्षकाराच्या फायलींवर ताबा सांगता येत नाही, फी वसूल करायची तर त्यानं कायद्याचा दुसरा मार्ग धरावा. वकील बदलताना बायांना हे कामी येतं. भांडण करायला नको, शांतपणे लेखी मागावं आणि पोच घ्यावी.

ज्यांचा दावा अजून लागायचा आहे, त्यांच्यासाठी थोडंसं. दावा लावायच्या दिवशी सगळे मूळ कागद द्यायलाच हवेत असं नसतं. दाव्यासोबत प्रती लावल्या असतील तर मूळ कागद कोर्टापुढे यावे लागतात ते मुद्दे ठरण्याच्या वेळेपर्यंत, म्हणजे दोन्ही बाजूंचं लेखी झाल्यावर वाद नक्की कशाचा आहे हे न्यायाधीश लिहून घेतात तोवर. त्या वेळी मात्र द्यायला चुकायचं नाही, नाहीतर पुढे परवानगी मागत फिरावं लागतं. म्हणून वकिलांना पहिल्याच दिवशी विचारा, "यातला कुठला कागद मूळच लागेल आणि कधी लागेल?" देताना प्रत्येक कागदाच्या पुढच्या-मागच्या दोन्ही बाजूंचा फोटो काढा, साध्या वहीवर यादी लिहा, यादीवर वकिलांची किंवा त्यांच्या मुन्शीची सही घ्या. सही मागायला संकोच वाटतो, खरं आहे. पण धान विकताना वजनाची पावती आपण मागतोच की.

निकाल लागल्यावरचंही सांगून टाकतो. लहान दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्यावर जिल्हा न्यायालयात अपील करायला तीस दिवस असतात, आणि उच्च न्यायालयात, म्हणजे आपल्यासाठी नागपूर खंडपीठात, नव्वद दिवस. निकालाची नक्कल मिळायला जितके दिवस लागले तितके त्यातून वजा होतात. ही मुदत गेली, कोणी अपील केलं नाही, की नक्कल न देताही मूळ कागद मागता येतो. निकाल आपल्या बाजूनं लागला की लोक पेढे वाटतात आणि फायलीतले कागद विसरतात. निकाली प्रकरणांच्या फायली अभिलेख कक्षात जातात आणि ठरावीक मुदतीनंतर काही भाग नष्टही करतात. तेव्हा पेढ्यांसोबत अर्जही लिहा.

पैशाची अडचण असेल, वकील नसेल, तर विधी सेवा प्राधिकरण आहे. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम १९८७ सालचा, त्याच्या कलम १२ प्रमाणे बाईला मोफत वकील मिळतो. तिचं उत्पन्न किती ते विचारात घेत नाहीत, दारिद्र्यरेषेचं कार्ड लागत नाही. नकला काढण्याचा खर्चही त्यात मागता येतो. गोंदियाच्या जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे, तालुक्याला तालुका विधी सेवा समिती असते. फोन करायचा तर १५१००, पैसे लागत नाहीत. जाताना दाव्याचा क्रमांक आणि कागदाची निशाणी लिहून न्या. ती नसेल तर निदान शेवटच्या पेशीची तारीख न्या, त्यावरूनही प्रकरण सापडतं.

आणि कागद परत आणला त्यांनी हे लक्षात असू द्या की दिलेली हमी दावा संपेपर्यंत चालू असते. कोर्ट पुढच्या पेशीलाही म्हणू शकतं, मूळ कागद आणा. म्हणून तो कोणाकडे कायमचा सोपवू नका. कॉलेजनं, बँकेनं ठेवून घेतो म्हटलं तर आदेशाची प्रत दाखवा, फक्त बघून परत द्या म्हणा. तरीही ठेवायचाच झाला तर लेखी पोच घ्या आणि वकिलांना त्याच दिवशी कळवा. कागद हरवला, भिजला, फाटला तरी लपवू नका, वकिलांमार्फत कोर्टाला लगेच लेखी सांगा. ताईंनी दाखला आता प्लास्टिकच्या पाकिटात, न दुमडता, आदेशाच्या प्रतीसोबत ठेवला आहे. पेटीचं कुलूपही बदललं. त्यांची पुढची पेशी धान कापणीनंतर आहे.